मॅन्स लिप्सकमवरचा माहितीपट: ४४ मिनिटं अंगठ्याकडे लक्ष ठेवा

रानगिटार:

अमेरिकेत टेक्ससमधल्या नॅव्हासोटा गावच्या गायक-गिटारवादक मॅन्स लिप्सकमवर माहितीपटकार लेस ब्लँकने स्किप गर्सनच्या जोडीने १९७१ साली 'अ वेल स्पेंट लाइफ' (सार्थकी लागलेलं आयुष्य) हा माहितीपट केला. १६ मिमी फिल्म, रंगीत, ४४ मिनिटं. निवेदकाचा आवाज नाही, खुर्चीत बसवलेले तज्ज्ञ नाहीत. मॅन्स बोलतो, गातो, बायको एल्नोरा दिसते, गाव दिसतं. गाणं सुरू असतानाच चित्र गावात फिरून येतं. हे बघून पुष्कळांचं मत होतं की छान आहे, पण यात फारसं काही घडत नाही. माझं म्हणणं असं की जे घडतं ते त्याच्या उजव्या हाताच्या अंगठ्यात घडतं. तो अंगठा कळला की बाकीचा माहितीपट आपोआप उलगडत जातो.

पार्श्वभूमी थोडक्यात. जन्म ९ एप्रिल १८९५. वडील गुलामगिरीत जन्मलेले, फिडल वाजवणारे. मॅन्सने लहानपणापासून १९५६ पर्यंत दुसऱ्यांच्या जमिनी कसल्या. मग ह्यूस्टनला लाकडाच्या वखारीत काम, तिथे अपघात, आणि त्या भरपाईच्या पैशातून नॅव्हासोटात जमिनीचा तुकडा घेऊन बांधलेलं घर. १९६० च्या उन्हाळ्यात लोकसंगीत ध्वनिमुद्रित करत फिरणारे ख्रिस स्ट्रॅखविट्झ आणि मॅक मकॉर्मिक त्याला शोधत आले, तेव्हा तो हमरस्त्याच्या कडेचं गवत कापणाऱ्या टोळीचा मुकादम होता. वय ६५. त्याच्या घरी केलेलं ते ध्वनिमुद्रण म्हणजे स्ट्रॅखविट्झच्या आर्हूली कंपनीची पहिली तबकडी, क्रमांक १००१. पहिल्या खेपेला २५० प्रती काढल्या होत्या.

म्हणजे माहितीपटात दिसणाऱ्या माणसामागे जेमतेम दहा वर्षांची प्रसिद्धी आहे आणि पन्नासहून जास्त वर्षं शनिवारच्या रात्री नाचणाऱ्यांसाठी वाजवलेलं आहे. ढोल नाही, बास नाही, अँप्लिफायर नाही. एक माणूस, एक गिटार आणि नाचणारे लोक. ठेका तुटला की नाच थांबतो. ढोल आणि बास ही दोन्ही कामं अंगठ्याने करायची, तीही रात्रभर. त्याचं वादन साधं वाटतं ते म्हणूनच, आणि बसवायला अवघड जातं तेही त्याचमुळे. चित्र हातावरून हटून अंगणात गेलं तरी खर्जाची तार ऐकत राहा, एकही मात्रा गळत नाही.

खर्जप्रेमी:

उत्तम धागा. एक भर. मॅन्स स्वतःला ब्लूजवाला (ब्लूज म्हणजे अमेरिकी कृष्णवर्णीयांची दुःख-व्यथांची गाणी) म्हणवून घेत नसे. त्याच्याकडे साडेतीनशेच्या आसपास गाणी होती आणि त्यांत ब्लूज हा एक भाग होता. खुनाच्या कथा सांगणारी लांब गाणी, दोन पावलांचे नाच, रॅग, भजनं, शहरातून आलेली लोकप्रिय गाणी, सगळं. ब्लूजच्या लाटेच्या आधीची ही गाणारी पिढी होती. नाचणारे जे मागतील ते यायलाच हवं, अशी तेव्हाची गरज होती. त्याच्या वादनात ठोके इतके काटेकोर का, याचंही उत्तर यातच आहे. टेक्ससचाच ब्लूज गायक लायटनिन हॉपकिन्स (जन्म १९१२) एकट्याने गाताना कॉर्ड मनाला येईल तेव्हा बदलतो, एखाद्या ओळीला साडेअकरा मात्राही देतो. ऐकणाऱ्याला ते चालतं, नाचणाऱ्याच्या पायाला चालत नाही.

ब्लँकने हॉपकिन्सवर आधी केलेला ३१ मिनिटांचा माहितीपट लगोलग बघा. त्यातही मॅन्स येतो. दोघांची पहिली भेट १९३८ ची, गॅल्व्हस्टनची. ओळीची लांबी मोजत बघितलं तर दोन तासांत टेक्ससच्या गिटारबद्दल पुष्कळ कळेल.

नवशिकी_बोटं:

अंगठ्याचं हे प्रकरण प्रत्यक्षात बसवायचं कसं? गिटारवादक मिसिसिपी जॉन हर्टसारखा एकाआड एक तारेवर जाणारा अंगठा येतो, पण इथे काहीतरी वेगळंच चाललंय.

रानगिटार:

बरोबर पकडलंत. हर्टचा अंगठा सहावी-चौथी, पाचवी-चौथी असा झुलतो (सहावी म्हणजे सगळ्यांत जाड तार, पहिली सगळ्यांत बारीक). इथे अंगठा एकाच तारेवर बसून राहतो, दर मात्रेला एक ठोका. ई कॉर्ड आहे तोवर सहावी उघडी, ए आली की पाचवी उघडी, बी सेव्हन आली की पाचव्या तारेचा दुसरा पडदा. संपलं. सगळी कसोटी या ठोक्याचा आवाज कसा येतो यावर.

तळहाताची करंगळीकडची कड ब्रिजवर (तारा गिटारच्या अंगाला बांधलेल्या असतात तिथे) अशी टेकवा की ती सॅडलच्या (ब्रिजवर तारा टेकतात त्या पट्टीच्या) दोन-तीन मिलिमीटर पुढे तारेला लागेल. सॅडलच्या मागे राहिली तर तार दबत नाही, खर्ज घुमत राहतो आणि वरचे सूर गढूळ होतात. फार पुढे गेली तर नुसता 'थप' येतो, त्यात सूर राहत नाही. सूर ओळखू येतो पण पुढच्या ठोक्यापर्यंत टिकत नाही, अशी जागा सापडेपर्यंत हात सरकवा. पहिल्या तीन तारा मात्र मोकळ्या राहिल्या पाहिजेत, त्या दबल्या तर मनगट तिरकं झालंय.

मग मेट्रोनोम मिनिटाला ६० ठोक्यांवर लावून नुसती सहावी तार, चार मिनिटं. कंटाळा येतो, पण हे टाळून पुढे गेलेला प्रत्येक जण परत इथेच येतो. ती चार मिनिटं ठोक्याची जाडी सारखी राहिली की तर्जनीने पहिली तार उघडी वाजवा, ठोक्यावर नको, दोन ठोक्यांच्या मधोमध. नंतर तिसऱ्या पडद्यावरचा जी, किंचित वर ओढून. नंतर दुसऱ्या तारेचा तिसरा पडदा, म्हणजे डी. एवढ्या चार-पाच सुरांत पूर्ण ओळ उभी राहते. सुरुवातीला अंगठा आणि तर्जनी एवढंच ठेवा, मधलं बोट आलं की सुरावट भरभर धावते आणि अंगठा तिच्यामागे जातो.

बिघडतं ते बहुतेक तीन ठिकाणी. सुरावट ठोक्याच्या मधे आली की अंगठाही उशीर करतो. याला उपाय म्हणजे पायाचा ठोका आणि अंगठा यांची गाठ आधी बांधणं, बोटाचा विचार नंतर. दुसरं, ए कॉर्डवर जाताना मनगट उचललं जातं आणि पाचवी तार न दबता खणखणते. कॉर्ड बदलताना उजवा हात जागचा हलवायचा नाही, अंगठ्याचं फक्त टोक एक तार खाली येतं. तिसरं आणि सगळ्यांत चिवट म्हणजे गाणं सुरू झालं की अंगठा शब्दांच्या मागे जातो. त्यासाठी आधी गाऊ नका, त्याच ठेक्यावर नुसतं बोला. घरच्या कुणाशी दोन वाक्यं बोलताना ठोका टिकला की मग गा. माहितीपटात मॅन्सचा चेहरा आणि हात एका चौकटीत येतात तेव्हा हेच बघा, चेहऱ्यावर जे चाललंय त्याचा अंगठ्याला पत्ताच नसतो.

रिळपेटी:

माहितीपट लावून त्यासोबत गिटार वाजवणाऱ्यांसाठी एक महत्त्वाची गोष्ट. तुमच्याकडची प्रत किती मिनिटांची आहे ते आधी बघा. ४४ ऐवजी सव्वाबेचाळीस मिनिटांची असेल तर ती २४ चित्रांऐवजी सेकंदाला २५ चित्रांनी चालवलेली आहे. भारतात आणि युरोपात दूरचित्रवाणी २५ ची, त्यामुळे जुन्या कॅसेटवरून फिरत आलेल्या अनेक प्रती अशाच असतात. वेग ४ टक्के वाढतो आणि सूर सुमारे ७० सेंटने (१०० सेंट म्हणजे गिटारचा एक पडदा) चढतो, म्हणजे ई चा सूर ई आणि एफच्या मधे, एफच्या जवळ जाऊन बसतो. गिटार कितीही जुळवली तरी लागत नाही ती यामुळे, आणि दोष मात्र म्हाताऱ्याच्या ट्यूनिंगला दिला जातो.

उपाय सोपा आहे, प्लेयरचा वेग ०.९६ करा. पण व्हीएलसीसारख्या प्लेयरमधे वेग कमी केला तरी सूर तोच ठेवणारी सोय आपोआप चालू असते, ती ध्वनीच्या सेटिंगमधे जाऊन बंद करावी लागते. नाहीतर लय उतरेल आणि सूर चढलेलाच राहील. काही प्रतींमधे उलट असतं, सूर आधीच दुरुस्त केलेला आणि फक्त वेग चढा. म्हणून वेग बदलल्यावर पुन्हा कानाने तपासा. अमेरिकी प्रतींमधे २३.९७६ चा जो फरक असतो तो दोन सेंटपेक्षा कमी, तो सोडून द्या.

आवाजाबद्दलही. १६ मिमी प्रतीवरचा ध्वनी फिल्मच्या कडेला प्रकाशपट्टीच्या रूपात छापलेला असतो आणि त्यातून पाच-सहा हजार हर्ट्झच्या वरचं जवळजवळ काही येत नाही. गिटारच्या तारेची चमक, नखाचा आवाज, सगळं तिथे मरतं. जुन्या प्रतीवरून काढलेली नक्कल ऐकून 'त्याचा स्वर बोथट आहे' असं मत कृपया बनवू नका. चित्रपटांच्या डिस्क काढणाऱ्या क्रायटेरियन कंपनीने २०१४ मधे ब्लँकच्या माहितीपटांचा संच काढला, त्यात हा आहे आणि तो ऐकण्याजोगा आहे.

वऱ्हाडी_कापूस:

माहितीपटाच्या नावातलं आयुष्य कशात गेलं हे नीट कळायला तिथली शेती समजून घ्यावी लागते. अर्धेलीचा हिशोब असा: जमीन, खेचरं, अवजारं, बियाणं मालकाचं, घाम कुळाचा, पीक अर्धं अर्धं. ज्याच्याकडे स्वतःची खेचरं आणि अवजारं असत तो मालकाला मक्याचा तिसरा आणि कापसाचा चौथा हिस्सा देई. वर्षभराचा किराणा उधारीवर, बहुतेकदा मालकाच्याच किंवा त्याच्या ओळखीच्या दुकानातून, आणि वही मालकाच्या हातात. पीक विकलं की आधी उधारी वळती व्हायची.

५०० पौंडांची म्हणजे सुमारे २२७ किलोची रुईची एक गाठ व्हायला १५०० पौंडांच्या आसपास वेचलेला कापूस लागतो, बाकी सरकी. वेचणीला सरावलेला चांगला हात दिवसाला २०० पौंड भरतो. म्हणजे एका गाठीमागे एका माणसाचे सात-आठ दिवस नुसत्या वेचणीचे, आणि त्यातली अर्धी गाठ मालकाची. बोंडाच्या वाळलेल्या टोकांनी बोटांची काय अवस्था होते हे आपल्याकडे यवतमाळ-अकोल्यात कुणाला सांगायला नको. त्याच बोटांनी शनिवारी रात्रभर गिटार. हे डोक्यात ठेवून मॅन्सचे हात बघा.

आणि तो कडवट होत नाही, याचा अर्थ त्याला काही बोलायचं नव्हतं असा घेऊ नये. टॉम मूर नावाच्या जमीनदाराच्या शेतावरचं गाणं त्याने १९६० मधे मुद्रित करू दिलं, पण तबकडीवर मॅन्सचं नाव छापलं गेलं नाही, कारण तो त्याच भागात राहत होता आणि धोका खरा होता.

ध्वनीवेडा:

वऱ्हाडी_कापूस यांचा शेवटचा मुद्दा माहितीपट करू इच्छिणाऱ्या प्रत्येकाने लिहून ठेवावा. वृद्ध कलाकार कॅमेऱ्यासमोर विश्वासाने बोलून जातो, पण ते बाहेर आल्यावर गावात राहायचं असतं त्याला. संकलन झाल्यावर त्याला एकदा दाखवा आणि काय काढायचं ते विचारा. हक्कांचंही तसंच. गाणी कुणाच्या नावाने नोंदली आहेत, पैसा आला तर कुणाकडे जाणार, हे लेखी ठेवा. स्ट्रॅखविट्झने ब्लूज गायक फ्रेड मॅक्डॉवेलसाठी हे केलं होतं. म्हणून रोलिंग स्टोन्स या रॉक बँडने त्याचं गाणं घेतलं तेव्हा मॅक्डॉवेलला हयातीत धनादेश मिळाला.

आता तंत्राचं. रानगिटार यांनी म्हटलंय की गाणं चालू असताना चित्र गावात फिरून येतं. त्यात दृष्टी आहेच, पण १६ मिमीचं गणितही आहे. ४०० फुटांचं मॅगझिन (कॅमेऱ्याला लावायची फिल्मची पेटी) ११ मिनिटांत संपतं, १०० फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत. ध्वनी वेगळ्या पाव इंची टेपवर, ती जास्त वेळ चालते. म्हणून त्या काळी मॅगझिन बदलताना टेप थांबवायची नाही हा नियम, गाणं पूर्ण मिळतं आणि चित्रातली फट नंतर दुसऱ्या दृश्याने भरता येते. ब्लँकचं मोठेपण हे की त्याची भरलेली फट भरल्यासारखी वाटत नाही. ज्या मातीतून गाणं आलं ती माती त्याने तिथे ठेवली.

आज कार्डावर तासन् तास चित्रित होतं म्हणून हे प्रश्न संपलेत असं नाही. हातांचं जवळचं चित्र दुसऱ्या वेळच्या गायनातून घेऊन पहिल्यात चिकटवायचं हा नेहमीचा मोह. ते जुळत नाही. असे कलाकार कडव्यांचा क्रम बदलतात, लय थोडी वेगळी असते, आणि अंगठा दर मात्रेला पडतोय म्हटल्यावर दोन चित्रांचा फरकही डोळ्याला टोचतो. सेकंदाला २४ चित्रं म्हणजे एका चित्राचे ४२ मिलिसेकंद, दोन सरकली की ठोका आधी ऐकू येतो आणि अंगठा नंतर पडतो. दोन कॅमेरे नसतील तर एकाच कॅमेऱ्याने पूर्ण गाणं न थांबवता घ्या, चौकट हातापासून चेहऱ्यापर्यंत सावकाश न्या, आणि जोडायला पाय, अंगण, ऐकणारे यांची चित्रं वेगळी घ्या.

नवशिकी_बोटं:

फक्त एक मायक्रोफोन असेल तर कुठे ठेवायचा? गावातल्या एका वयस्क गोंधळ्यांचं गाणं टिपायचा विचार आहे, तुणतुणं आणि संबळ दोन्ही असेल.

ध्वनीवेडा:

गिटार आणि गाणं एकाच माणसाचं असेल तर मायक्रोफोन ४५ ते ६० सेंटिमीटरवर, छातीच्या उंचीला, तोंड आणि बारावा पडदा यांच्या मधे रोखून. साउंडहोलच्या समोर नको, तिथून खर्ज फुगून येतो. तोल बदलायचा तर आवाजाची पातळी हलवू नका, मायक्रोफोन एक वीत वर किंवा खाली करा. गोंधळात गणित वेगळं, संबळ सगळ्यांना गिळतं. एकच मायक्रोफोन असेल तर तो गाणाऱ्यासमोर त्याच अंतरावर, आणि संबळवाल्यांना गाणाऱ्याच्या मागे न बसवता मायक्रोफोनच्या पाठीकडे दीड-दोन मीटरवर बसवा. कार्डिऑइड (मुख्यतः समोरचं ऐकणारा) प्रकार असेल तर मागचा आवाज तो आपोआप कमी घेतो. समोरासमोर बसल्याने त्यांना एकमेकांचे इशारेही दिसतात.

आपोआप पातळी ठरवणारी सोय बंद. संबळाच्या प्रत्येक थापेला ती गाणं खाली ओढते आणि नंतर दुरुस्त होत नाही. ४८ हजार हर्ट्झ, २४ बिट, सर्वांत मोठा आवाज उणे १२ डेसिबलच्या आसपास. पंखा आणि फ्रिज बंद. शेवटी सगळे गप्प असताना त्या जागेचा एक मिनिटाचा आवाज घ्या, संकलनात सांधे झाकायला तोच लागतो. चित्राला शटर १/५०, नाहीतर आपल्या ५० हर्ट्झच्या विजेवर काही दिवे लुकलुकताना दिसतात. आणि त्यांना नेहमी जिथे बसून गातात तिथेच बसवा.

ब्रॅझोसकाठ:

ह्यूस्टनच्या मराठी मंडळींसाठी: नॅव्हासोटा वायव्येला साधारण ७० मैल. महामार्ग २९० ने हेम्पस्टेडपर्यंत, तिथून राज्यमार्ग ६ ने उत्तरेला, सव्वा तासात गाव. मॅन्सच्या नावाच्या बागेत २०११ मधे बसवलेला त्याचा कांस्यपुतळा आहे. दफन रेस्ट हेवन दफनभूमीत, मृत्यू ३० जानेवारी १९७६. टेक्ससच्या विधिमंडळाने २००५ मधे नॅव्हासोटाला राज्याची ब्लूज राजधानी जाहीर केलं, ते प्रामुख्याने या एका माणसामुळे.

हात सलग बघायचे असतील तर ऑस्टिनच्या दूरचित्रवाणी केंद्रात १९६९ मधे झालेला त्याचा कार्यक्रमही शोधा. माणूस समजायला ब्लँकचा माहितीपट, बोटं शिकायला तो कार्यक्रम. आणि बोली कळत नसेल तर इंग्रजी उपशीर्षकं लावाच. ब्रॅझोस नदीकाठची जुनी बोली इथे वीस-वीस वर्षं राहिलेल्यांनाही पहिल्या झटक्यात लागत नाही.

खर्जप्रेमी:

एक राहिलं, खिशातल्या चाकूने वाजवलेली स्लाइड, म्हणजे तार न दाबता तिच्यावरून चाकू घसरवत काढलेले सूर. मॅन्सचं 'जॅक ओ' डायमंड्स' ऐकून बरेच जण चाकू घेतात आणि नुसता खडखडाट येतो म्हणून सोडून देतात. कारण साधं आहे. स्टीलच्या तारांच्या गिटारचा पडद्यांचा भाग आडवा किंचित गोल असतो आणि चाकू सरळ. सहाही तारांवर टेकवायला गेलं की मधल्या तारा दाबल्या जातात, कडेच्या सुटतात, आणि जोर दिला की पाती पडद्यावर आपटते. म्हणून एका वेळी एक किंवा दोन तारा. चाकू मिटलेला, अनामिका आणि करंगळीच्या मधे धरून पाठीची कड तारेवर ठेवायची. पडद्याच्या मागे नको, बरोबर पडद्याच्या पट्टीच्या वर. तारेवर चाकूचं वजन पुरे, वेगळा दाब द्यायचा नाही. चाकूच्या मागे तर्जनी तारांवर अलगद टेकलेली असू द्या, नाहीतर मागच्या बाजूचा उरलेला सूर मिसळून आवाज किरकिरा होतो.

सुरुवातीला ओपन डी (उघड्या तारांतूनच डी कॉर्ड येणारं ट्यूनिंग) सोयीचं पडतं: सहावी ई ची डी, तिसरी जी ची एफ शार्प, दुसरी बी ची ए, पहिली ई ची डी. चारही तारा खालीच येतात, त्यामुळे तुटायची भीती नाही, पण १० किंवा ११ च्या संचावर (आकडा म्हणजे पहिल्या तारेची जाडी, इंचाच्या हजाराव्या भागात) त्या फार ढिल्या होतात. १३ चा संच लावा. पहिल्या तारेवर बाराव्या पडद्याचा डी ट्यूनरवर तपासत बसा, काटा मधे थांबेपर्यंत. उजव्या हाताचा अंगठा या काळातही सहाव्या तारेवर दर मात्रेला पडत राहिला पाहिजे. तो थांबत असेल तर चाकू बाजूला ठेवून आधी रानगिटार यांची चार मिनिटं.

रानगिटार:

खर्जप्रेमी, सहमत. १३ चा संच लावण्याआधी गिटार जुनी असेल तर ब्रिजच्या मागे लाकूड फुगलंय का ते सरळ पट्टी ठेवून बघा. फुगलं असेल तर तो संच सरळ ट्यूनिंगला ताणू नका, कायम डी मधेच ठेवा.